धुकं विणणारी कोंडाई

फार वर्षांपूर्वी, आभाळात दोन सूर्य उगवायचे, थोरला आणि धाकटा, तेव्हाची ही हकीकत. हिवाळा लागला की धाकटा सूर्य चार महिने उगवायचाच नाही. मग धुरोळी गावाखालच्या तळ्यातून धुकं वर चढायचं. साधं धुकं नव्हे ते. त्यात सापडलेलं माणूस परत यायचं नाही. प्रेत नाही, पायातली वहाण नाही, मागे काही उरायचं नाही. ज्या घरातून कुणी गेलं नाही असं एकही घर धुरोळीत नव्हतं, असं म्हणतात.

त्या गावात कोंडाई नावाची विणकरीण होती. नवरा लवकर वारलेला. एक माग आणि नऊ वर्षांची लेक चिमा, एवढाच तिचा संसार. एका सकाळी वासरू दावं तोडून पळालं. त्याला आणायला चिमा धावली आणि उतारावर धुक्यानं तिला गाठलं. वासरू परत आलं. चिमा आली नाही.

सात दिवस कोंडाई उंबऱ्यात उभी राहून हाका मारत होती. आठव्या दिवशी तिचा आवाज बसला. तेव्हा तिला दिसलं, अंगणात वाळत घातलेल्या सुताला धुकं चिकटलंय आणि काही केल्या सुटत नाही. तिनं ते चिमटीत धरून ओढलं, तर लांबच लांब तंतू निघाला.

"माझी लेक नेलीस," ती घोगऱ्या आवाजात धुक्याला म्हणाली. "आता मी तुला नेते."

तिनं ते धुकं चातीवर कातलं, मागावर चढवलं आणि विणायला बसली. सूत बर्फासारखं गार. पहिल्या महिन्यात तिची बोटं पांढरी पडली, दुसऱ्या महिन्यात त्यांतली जाणीव गेली, पण हातातला धोटा थांबला नाही. इकडे कापड वाढत गेलं, तिकडे तळ्यावरचं धुकं विरत गेलं.

असं वस्त्र आधी कुणी पाहिलं नव्हतं आणि नंतरही नाही. घडी केली तर मुठीत मावेल इतकं तलम, आणि कान लावला तर आत ओल्या गवतातून चालणारी पावलं ऐकू यायची. मग एके दिवशी त्यात माणसं दिसू लागली. धुक्यानं नेलेली, जिवंत, ज्या वयात गेली त्याच वयाची, कपाळावर हात धरून वाट शोधणारी. आपापलं माणूस बघायला सगळं गाव लोटलं. शेजारची साळूबाई सत्तरीला टेकलेली. तिला तिचा नवरा दिसला, पंचविशीचा. पदर सावरून ती म्हणाली, "ओळखलंत का मला?"

त्यानं तिला नीट निरखलं. "तुम्ही साळूच्या आजी का?" त्यानं विचारलं.

साळूबाई "हो" म्हणाली आणि घरी निघून गेली.

कापडाच्या अगदी शेवटच्या वितीत चिमा दिसली.

"आई, वासरू सापडेना गं."

"ते घरी आलंय. तू ये."

"कुठून येऊ? तुझी हाक चहूकडून येते."

कोंडाईनं दोन बोटं कापड उसवून पाहिलं. भसकन धुकं बाहेर आलं, पण चिमा आली नाही, उलट तिचे पाय घोट्यापर्यंत दिसेनासे झाले. घाबरून कोंडाईनं ते धुकं गोळा केलं आणि पुन्हा विणून टाकलं. मग तिनं वस्त्र तसंच मागावर ठेवलं. दिवसभर मायलेकी बोलत बसायच्या.

पण मागावरच्या कापडाचं तोंड उघडं असतं. त्यातून रोज थोडं थोडं धुकं पाझरू लागलं. तिसऱ्या दिवशी पाणवठ्यावर गेलेली एक सून परतली नाही. संध्याकाळी ती वस्त्रात दिसली, ओली चोळी हातानं झाकत उभी. घरी तिचं तान्हं भुकेनं रडत होतं.

कोंडाईला कळायचं ते कळलं. वस्त्र मागावरून कापायला हवं, दशांना, म्हणजे सुट्या राहिलेल्या टोकांना, गाठी मारायला हव्यात. मग धुकं कायमचं बंद होणार होतं. पण मग आतलं माणूस दिसणार नव्हतं आणि ऐकूही येणार नव्हतं. तिनं गाव अंगणात बोलावलं आणि सुरी मागावर ठेवली.

"माझ्यानं होणार नाही. कुणीतरी कापा. मी तोंड फिरवून उभी राहते."

कुणी पुढे आलं नाही. प्रत्येकाचं कुणी ना कुणी आत होतं. पाटलांनी मान खाली घातली. साळूबाईनं डोळ्यांना पदर लावला. शेवटी कोंडाईनंच सुरी उचलली.

"आई, काय करतेस?"

"काही नाही गं. डोळे मीट. मी दहा म्हणेपर्यंत उघडू नकोस."

चिमानं हसत डोळे मिटले. लपाछपी वाटली असेल तिला. कोंडाई मोठ्यानं मोजत गेली, धागे कापत गेली. नऊ म्हणाली. दहा काही तिच्या तोंडून निघालं नाही, असं म्हणतात.

गाठी मारून झाल्या तेव्हा वस्त्र कोरं पांढरं होतं.

त्यानंतर धुरोळीतून कुणी नाहीसं झालं नाही. कोंडाई पुढे पुष्कळ वर्षं जगली. तिचे हात पांढरे ते पांढरेच राहिले आणि ती मागावर पुन्हा बसली नाही. ती गेली तेव्हा तिला त्याच वस्त्रात गुंडाळलं, आणि खांदा देणाऱ्या चौघांना वजनच लागलं नाही, असं म्हणतात.

अजूनही धुरोळीत कुणी विणकर आपलं कापड आपल्या हातानं मागावरून कापत नाही. शेवटचा धागा भरला की तो हात मांडीवर ठेवून बसतो. शेजारपाजारचं कुणीतरी न बोलावता येतं, दारातूनच विचारतं, "कोंडाईचा हात देऊ का?" आणि सुरी उचलतं. कितीही काम असो, कितीही वैर असो, कुणीतरी येतंच. त्या दिवशी अंगणात मान खाली घालून जे उभे होते, त्यांचेच हे वंशज.