पोकळ खोड

डोंगरांना अजून नावं पडली नव्हती, त्या काळची गोष्ट. एका बेहड्याच्या ढोलीत धनेशाची बायको दार लिंपून पिल्लांसह बसली होती. फटीतून धनेश त्यांना फळं भरवायचा.

एके दिवशी सुतारपक्ष्याने त्या खोडावर चोच आपटली आणि मान ताठ करून म्हणाला, "नाद पोकळ. गाभा तीन अष्टमांश. निष्कर्ष उघड आहे."

"म्हणजे काय हो, गुरुजी?" धनेशाने विचारलं.

"सोपं करून सांगितलं की शास्त्र बाटतं."

धनेश घाबरून अर्थ विचारायला कस्तूर पक्ष्याकडे गेला. सारं रान कस्तुराची शीळ कान देऊन ऐकायचं.

"मला कळलंय रे सगळं," कस्तूर म्हणाला, "पण असल्या ठोकाठोकीवर शीळ घालायला मी काय दवंडीवाला आहे?"

तिसऱ्या दिवशी वाऱ्याने झाड आडवं झालं. आत कुणीच वाचलं नाही.

दोघेही सांत्वनाला आले. "माझा अंदाज तंतोतंत खरा ठरला!" सुतारपक्षी म्हणाला. कस्तुराने शोकगीत रचून आणलं होतं. शेवटचं कडवं त्याने दोनदा म्हटलं.

धनेशाने सगळं ऐकून घेतलं.

"दोन्ही उत्तम," तो म्हणाला. "फक्त 'झाड पडणार' एवढं म्हणायला तुम्हा विद्वानांना कमीपणा वाटला."