बिनचेहऱ्याचा नाईक

आंबेटाकळीच्या वेशीत नाईकाचा दगडी पुतळा आहे. पागोट्याचा पीळ, अंगरख्याची चुणी, सगळं जागच्या जागी. चेहरा तेवढा कोरा. झिजला असेल, असं पाहुण्यांना वाटतं. गावचे म्हातारे गुरव मान हलवतात आणि सांगू लागतात.

हा नाईक भित्रा आणि दुष्ट होता म्हणे. कुणी कुरकुरलं की गढीच्या तळघरात. शेवटी गाव बिथरलं, तेव्हा त्याने रायाजी पाथरवटाला बोलावलं. रायाजीचा धाकटा भाऊ हैबती वर्षभर त्याच तळघरात होता.

"लोकांनी ओवाळावं असा चेहरा घडव. पुतळा उभा राहिला की भाऊ तुझा," नाईक म्हणाला.

रायाजीने हात राखला नाही. न झालेल्या लढाईचा वण कपाळावर कोरला, ओठांवर माया आणली. तरी दगड तो दगडच दिसे. मग भावाच्या काळजीने त्याने करू नये ते केलं. सोन्याची सळई फिरवून, आरसा दाखवून डोळे उघडायचे ते देवाच्या मूर्तीचे. रायाजीने माणसाच्या पुतळ्याचे उघडले. आरशात पापणी लवली, असं सांगतात.

लोक पुतळ्याला नवस बोलू लागले. तिसऱ्या दिवशी हैबतीला सोडायचा हुकूम द्यायला खुद्द नाईक गढीबाहेर आला, तर मुजराच कुणी करेना.

"कपाळावरचा वण कुठाय तुझ्या?" पहारेकऱ्यांनी त्यालाच दरडावलं.

रायाजी पुढे धावला. "आरं, ह्योच नाईक हाय! ह्याचा हुकूम ऐका, माझ्या भावाला सोडा!"

पहारेकरी हसले. करायला गेला गणपती आणि झाला मारुती, अशी रायाजीची गत झाली. पुतळा मायेने बघत होता.

रायाजीने छिन्नी-हातोडी उचलली आणि भर दुपारी तो चेहरा तासून टाकला. मागे नाईक किंचाळला, मध्येच थांबला. त्याने तोंडावरचे हात काढले, तर तिथेही काही उरलं नव्हतं. पहारेकरी वाट फुटेल तिकडे पळाले.

रायाजीने त्याच हातोडीने तळघर फोडलं. अंधारात हैबतीची नजर गेली होती. त्याने थोरल्याचा चेहरा बोटांनी चाचपला, नाक, गाल, ओली दाढी, आणि मगच त्याला मिठी मारली.

आजही मत मागायला येणाऱ्याने आपले फलक वेशीबाहेर ठेवायचे आणि चौथऱ्यावर बसायचं. गावातली सर्वांत म्हातारी बाई डोळे मिटून त्याचा चेहरा चाचपते. गेल्या खेपेला सरूआजीने हात झटकन मागे घेतला.

"काय झालं, आजी?"

"हाताला कायबी लागलं न्हाई."

तो माणूस निवडून आला, असं सांगून गुरव उठतात.