कुलपासमोरची हरकत

एकदा एका घाटाच्या आसपास नऊ गावे नांदत होती. नांदत कसली, दोन पिढ्या एकमेकांच्या गंजी पेटवत होती. माणसेही पेटली. शेवटी भांडायला त्राण उरले नाही तेव्हा सगळ्यांना शहाणपण सुचले, आणि एका उंबराखाली जमून त्यांनी शपथ घेतली, की यापुढे तंटा बैठकीत मिटवायचा, काठीने नाही. शपथ आणि बैठकीचे नियम लिहून काढले ते एका तरुणाने, कारण त्याचे अक्षर चांगले होते. तो तरुण आता म्हातारा झाला होता. नऊही गावे त्याला नाना म्हणत आणि बैठकीचा निकाल त्याच्याच तोंडून ऐकत. त्याच्याजवळ न्याय शिकायला एक शिष्य राहत असे. चांगला तिशीचा, वाचलेला, आणि वाचलेल्यावर फार विश्वास असलेला.

बैठकीची रीत अशी, की प्रत्येक गावाने आपली घोंगडी अंथरायची आणि तीवर बसायचे. परंतु तीन थोरल्या गावांना एक हक्क जास्तीचा होता. निकाल लागल्यावर त्यांपैकी एकाने जरी आपली घोंगडी उचलली, तरी तो निकाल अंमलात आणायला बाकीच्यांनी हात लावायचा नाही. उरलेल्या सहा गावांनी घोंगडी उचलली, तर खालच्या मुंग्या तेवढ्या उघड्या पडत. बळकटाने दुबळ्याला मारू नये असा नियम करायचा आणि नियमाचा कासरा बळकटाच्याच हाती द्यायचा! असो.

घाटाच्या माथ्यावर खडकात खोदलेले एक जुने टाके होते. ते कुणाचेच नव्हते, म्हणून सगळ्यांचे होते. वाटसरू, धनगर, लमाणांचे बैल, सगळे तिथे पाणी पीत. माथ्यावरच्या वाडीला तर वैशाखात दुसरे पाणीच नव्हते. एका वर्षी एका थोरल्या गावच्या पाटलाने त्या टाक्याला दार बसवले, दाराला कुलूप घातले आणि राखणदार नेमला. वाडीची ठकूबाई डोईवर रिकामा हंडा घेऊन थेट बैठकीत येऊन उभी राहिली.

पाटील म्हणाला, "नाना, दार कशासाठी? उद्या कुणी पाण्यात विष कालवलं तर? सगळ्यांच्या भल्यासाठीच केलंय."

ठकूबाई म्हणाली, "विषानं मरू नये म्हणून तहानेनं मारताय होय? लई उपकार झाले."

बैठक हसली. पाटील हसला नाही. नानांनी दोन दिवस सगळ्यांचे ऐकले, जुन्या साक्षी काढल्या आणि निकाल सांगितला: "घाटातले पाणी घाटाचे आहे. त्यावर कुणाचे दार नाही. दार काढावे."

पाटील उठला. त्याने आपली घोंगडी उचलली, दोनदा झटकली, खांद्यावर टाकली आणि चालू लागला. धूळ ठकूबाईच्या अंगावर उडाली. आठ गावे खाली मान घालून बसून राहिली.

ठकूबाईने शिष्याला विचारले, "दादा, निकाल माझ्या बाजूनं लागला ना?"

"हो बाई. पूर्णपणे तुमच्या बाजूनं."

"मग हंडा रिकामा कसा?"

शिष्याने पुष्कळ वाचले होते, पण हे कुठे वाचले नव्हते.

पुढल्या वैशाखात, पहिल्या सोमवारी सकाळी, नाना काठी घेऊन घाट चढू लागले. गुडघे धरलेले, दम लागलेला. शिष्य आणि ठकूबाई बरोबर. टाक्यापाशी राखणदार बसला होता. नाना दिसताच त्याने कापसाचे बोळे काढले आणि दोन्ही कानांत घातले. पाटलाची तशी ताकीदच होती.

नाना समोरच्या धोंड्यावर बसले. बसूनच राहिले. ऊन डोक्यावर आले. शेवटी राखणदार कंटाळला आणि एका कानातला बोळा काढून म्हणाला, "अहो नाना, किती वेळ बसणार?"

"तू ऐकेपर्यंत."

"मग बोला की लवकर! तुमच्यापुढं भाकरी खायची लाज वाटतीय."

नाना उठले. कुलपासमोर उभे राहून स्वच्छ आवाजात म्हणाले, "घाटातले पाणी घाटाचे आहे. त्यावर कुणाचे दार नाही. दार काढावे. आमची हरकत आहे." आणि घाट उतरू लागले.

दुसऱ्या वर्षी तेच. तिसऱ्या वर्षी तेच. शिष्याला आता लोकांसमोर तोंड दाखवायची लाज वाटू लागली. थोरल्या गावातली पोरेटोरे नानांची नक्कल करत, "हरकत आहे, हरकत आहे" म्हणत म्हशीमागे धावत. चौथ्या वर्षी अर्ध्या घाटात शिष्य थांबलाच.

"गुरुजी, कुलपाला कान नसतात. दार तर उघडत नाही. मग हे सोंग कशाला? वाडीतली निम्मी घरं उठून गेली. एवढ्या श्रमात आपण दोन घागरी पाणी वाहून नेलं असतं तर कुणाचा घसा तरी ओला झाला असता."

"त्याही न्यायला हव्या होत्या," नाना म्हणाले. "ते तुझे खरे आहे. पण आपल्या गावांची वहिवाट तुला ठाऊक आहे. बारा वर्षे कुणी हरकत घेतली नाही, तर बळकावलेली वस्तू बळकावणाऱ्याची होते. हरकत त्याच्याच माणसाच्या कानी पडावी लागते, आणि त्या बारा वर्षांत एकाही वर्षाचा खंड चालत नाही. मला दार उघडता येत नाही. परंतु पाटलाच्या नातवाने उद्या 'हे आमचेच होते, कुणी कधी नाही म्हटले नाही' असे म्हणू नये, एवढे मला करता येते. चोरी थांबवता आली नाही, तर निदान तिला चोरी म्हणत राहावे. म्हणायचे थांबलो, की ती रीत होते."

शिष्य हळूच म्हणाला, "आणि तो घोंगडी उचलण्याचा नियम? तो कुणी लिहिला?"

नाना वळणावरच्या दगडावर बसले. "मी," ते म्हणाले. "तिन्ही थोरली गावे म्हणाली, हा हक्क द्या, नाहीतर आम्ही येत नाही. मला वाटले, आधी येऊन बसू तर देत. एकत्र बसले की लाज आपोआप येईल."

"मग आली नाही?"

"आली ना. लहान गावांना आली. मागायची." नाना काठीच्या टोकाने माती उकरत राहिले. "ती गावे आली नसती तर पुन्हा गंजी पेटल्या असत्या, असे मी मनाला सांगतो. खरेही असेल. पण त्या दिवशी मी लेखणी खाली ठेवायला हवी होती का, हे मला अजून कळलेले नाही. तुला कळले तर मला सांग."

ठकूबाई मागून येत होती. तिने सगळे ऐकले. म्हणाली, "नाना, तुमचा न्याय चांगला होता हो. फक्त तो पिता येत नाही."

त्या दिवशी टाक्यापाशी नानांचा आवाज पहिल्यांदा कापला.

आठव्या वर्षी वाडीत ठकूबाईचे एकच घर उरले. दोन कोस खालून ती पाणी आणी. लोक म्हणत, "म्हातारे, जा की लेकीकडं." ती म्हणे, "मी गेले तर निकाल कुणाच्या बाजूनं लागला म्हणायचा?" नवव्या पावसाळ्यात ती गेली. लेकीकडे नव्हे. तिचा हंडा तिच्याच उंबऱ्यावर उपडा पडून राहिला. तो उचलायचे धाडस कुणाला झाले नाही, आणि तो भरायचे धाडस तर आधीही झाले नव्हते.

अकराव्या वर्षीची हरकत घेऊन उतरले आणि नानांनी अंथरूण धरले. शिष्याला जवळ बोलावून ते इतकेच म्हणाले, "सोमवार चुकवू नकोस."

बाराव्या वैशाखात पाटलाने गावजेवणाची तयारी केली. आता नाना काही घाट चढत नाहीत, यंदा हरकत चुकणार आणि वहिवाट पक्की होणार, असे त्याने धरले होते. सकाळी शिष्य एकटाच घाट चढला. ओसाड वाडीवरून जाताना तो त्या उपड्या हंड्यापाशी थांबला, आणि तिथून पुढे त्याला नीट दिसेना. टाक्यापाशी पोचला तेव्हा राखणदार उठून उभा राहिला. त्याचेही केस पिकले होते. त्याने आपण होऊन कानांतले बोळे काढले आणि हातात धरले.

शिष्य कुलपासमोर उभा राहिला. "घाटातले पाणी घाटाचे आहे," तो म्हणाला. पुढचा शब्द फुटेना. कोण प्यायचे होते आता ते पाणी? कुणासाठी म्हणायचे?

तेव्हा मागून राखणदाराचा जाडाभरडा आवाज आला, "त्यावर कुणाचं दार नाही. दार काढावं."

शिष्य वळला. राखणदार जमिनीकडे बघत होता. म्हणाला, "अकरा वर्षं ऐकतोय. पाठ झालं. पाटलांनी विचारलं हरकत आली का, तर आली म्हणून सांगीन. खोटं बोलवायचं नाही."

"मग दार उघड ना!"

"किल्ली पाटलांकडं असती, दादा. मला कानच तेवढे दिलेत."

शिष्याने डोळे पुसले, उरलेले तीन शब्द स्वतः पुरे केले आणि तो उतरू लागला. त्या वर्षी गावजेवण झाले नाही. वहिवाट पक्की झाली नाही. दारही निघाले नाही.

जगाच्याही एका मोठ्या बैठकीत पाच थोरल्यांना घोंगडी उचलायचा हक्क आहे, आणि दूर देशीचे न्यायाधीश निकाल देतात तेव्हा लोक हसून म्हणतात, नुसता कागद आहे तो. ज्याला हसायचे त्याने हसावे, पण हरकत घ्यायला घाट चढणाऱ्याला हसू नये. आणि घाट चढून आलेल्यानेही, आपण न्याय केला असे म्हणण्याआधी, उंबऱ्यावरचा तो उपडा हंडा एकदा बघून यावा.