मोहरीवरचा पाटील

डोंगराच्या कुशीतल्या एका गावात एक पाटील होता. माणूस मनाने वाईट नव्हता, पण मानाचा भारी भुकेला. लग्नात विडा आधी दुसऱ्याला दिला, की हा भरल्या पानावरून उठलाच. पोळ्याला दुसऱ्या कुणाची बैलजोडी तोरणाखालून आधी गेली, तर गावाशी थेट दिवाळीपर्यंत अबोला. घरी येऊन पाटलीणबाईवर रुसायचा ते वेगळंच.

गावाला एक तळं होतं. पिण्याचं पाणी त्याचंच आणि रब्बीची आशाही त्याच्यावरच. पावसाळा सरला की तळ्याच्या मातीच्या बांधाची डागडुजी व्हायची. तिथेही एक मान होताच. मातीची पहिली पाटी पाटलाने टाकायची. ती पडल्याशिवाय गावातलं कुणी बांधाला हात लावायचं नाही. पणजोबांपासून हे असंच चालत आलेलं होतं, आणि का, ते विचारायचं कुणाला सुचलं नव्हतं.

एकदा पाटील असाच फुगून पारावर येऊन बसला. एका बारशाला त्याला बसायला घोंगडी द्यायची राहून गेली होती, एवढंच कारण. शेजारी एक फिरस्ता गोसावी भाकरी खात होता.

"पाटीलबाबा, कुणी गेलं का?" त्याने हळूच विचारलं.

"माझा मान गेला, महाराज."

"अरेरे! कुठं गेला? चला, शोधू या."

गोसाव्याने एक भोपळा मागवला आणि मोहरीचा एक दाणा. भोपळा पारावर ठेवला. म्हणाला, "हा आपला सूर्य." मग मोहरी चिमटीत धरून तो कधीच आटून गेलेल्या आडापर्यंत चालत गेला आणि तिथल्या दगडावर ती ठेवली. "ही आपली पृथ्वी."

"एवढीच?" पाटील मागोमाग आला होता.

"एवढीच. समुद्र हिच्यावरच, डोंगर हिच्यावरच, सगळे राजे-महाराजेही हिच्यावरच."

"आणि आभाळातल्या चांदण्या?"

"ते असेच भोपळे. पण सगळ्यांत जवळचा भोपळा बघायचा, तर समुद्र ओलांडून परमुलखात जावं लागेल. मधे सगळं ओसाड."

पाटील वाकला. डोळे बारीक करून मोहरीकडे बघू लागला. "मग मी कुठं?"

"हिच्यावरच."

"माझं पागोटं?"

"तेही."

"आणि ती घोंगडी?"

गोसावी उत्तर देणार, तेवढ्यात कुठूनशी एक कोंबडी आली, तिने पृथ्वी टिपली आणि मान हलवत निघून गेली.

पाटलाचे खांदे हलू लागले आणि तो असा खदाखदा हसला, की पागोटं आडात पडता पडता राहिलं. जन्मात प्रथमच तो स्वतःला हसत होता. गोसावी भाकरी संपवून आपल्या वाटेने गेला.

त्या दिवसापासून पाटील बदलला. लग्नात विडा मिळाला काय, न मिळाला काय, तो हसून म्हणे, "ब्रह्मांडाच्या मानानं विडा तो केवढा!" पोळ्याला त्याने स्वतःच दुसऱ्याची जोडी पुढे घातली. गावाने सुटकेचा श्वास सोडला. पाटलीणबाईने तर देवापुढे साखर ठेवली.

पण औषध लागू पडलं म्हणून पाटलाने बाटलीच तोंडाला लावली. गोठ्याचं छप्पर गळू लागलं, तर "ब्रह्मांडाच्या मानानं भोक ते केवढं!" शेजाऱ्यांचं भांडण मिटवायचं, तर "मोहरीवरची भांडणं ती!" आणि पाटील ओसरीवर आडवा. इतकं मोठं ब्रह्मांड आळसाच्या कामी यावं, हे त्या गोसाव्याच्याही ध्यानात आलं नसेल.

मग पावसाळा सरला. माणसं धावत आली. "पाटील, बांधाला चीर पडलीय. पाणी झिरपतंय. पाटी टाकायला चला."

"अरे, चीर ती केवढी?" पाटलाने कूस बदलली. "जा, निवांत राहा."

दुसऱ्या दिवशी चिरेत हात जाऊ लागला. गाव मातीच्या भरलेल्या पाट्या घेऊन बांधावर उभं. पण पहिली पाटी टाकणार कोण? पुन्हा माणसं पाटलाकडे आली. पाटील पुन्हा हसला.

दुपारी तो जेवायला बसला. पाटलीणबाईने ताट वाढलं. ताटात नखाएवढी भाकरी आणि तिच्यावर पिठल्याचा एक ठिपका.

"हे काय?"

"भाकरी. ब्रह्मांडाच्या मानानं मोठीच झालीय जरा."

"थट्टा करतेस? भुकेनं जीव चाललाय माझा!"

"जीव? कुठला, मोहरीवरचा?"

पाटलीणबाई त्याच्यासमोर बसली. तिचे डोळे भरून आले होते.

"अहो, आत्ता तळ्यावर हंडा भरत होते, तर पायाखालची माती सरकली. जीव घाबरा झाला माझा. मला एक सांगा, दुसरा भोपळा समुद्रापलीकडं ना? मधे सगळं ओसाड ना?"

"हो."

"मग एवढ्या ओसाडीत आपल्याला पाणी देणारं दुसरं तळं कुठं आहे, ते सांगितलं का त्या गोसाव्यानं? हे फुटलं तर लेकरांनी प्यायला कुठं जायचं? चांदण्यांवर?"

पाटील ताटावरून उठला आणि अनवाणीच पळत सुटला. तो बांधावर पोचतो न पोचतो, तोच एक भलं मोठं ढेकूळ निसटलं आणि पाणी धो धो ओढ्याकडे धावलं. पाटलाने दिसेल ती पाटी उचलून भगदाडात ओतली. मग सगळं गाव तुटून पडलं. माती, दगड, काटक्या, जे हाती आलं ते. दिवस मावळायच्या आत भगदाड बुजलं, पण अर्धं तळं ओढ्याने नेलं होतं. त्या वर्षी गावाला गहू मिळणार नव्हता, फार तर हरभरा.

पाटील चिखलात मटकन बसला. शरमेने त्याची मान वर होईना. "हसायला शिकलो ते बरं झालं," तो म्हणाला, "पण नको तिथं हसलो. पुढच्या सालापासून ज्याला चीर आधी दिसेल, त्यानं पहिली पाटी टाकायची. पाटलाची वाट बघायची नाही."

गुडघाभर चिखलात उभी असलेली एक म्हातारी म्हणाली, "पाटील, चीर तर आम्हा सगळ्यांनाच दिसत होती. भरल्या पाट्या डोक्यावर घेऊन उभे राहिलो आम्ही. एकटे तुम्हीच कुठं खुळे?"

आधी पाटील हसला. मग चिखलाने माखलेलं सगळं गाव हसलं. हसता हसताच म्हातारीने पुढची पाटी उचलली, कारण बांध अजून पक्का झाला नव्हता.

तात्पर्य: ब्रह्मांड केवढं मोठं आहे, हे आपल्या रुसव्याला जरूर सांगावं, कामाला मात्र सांगू नये.