पाणाड्याचा नारळ आणि राईतला लव्हाळा

एका डोंगरगावात एक पाणाड्या राहायचा. नाव भिकोबा. तळहातावर नारळ आडवा ठेवून तो शिवारभर फिरायचा, आणि नारळ उभा राहिला की तिथे पाणी, अशी त्याची ख्याती. त्या नारळाला तो रोज हळदकुंकू लावायचा, त्याच्याशी गप्पा मारायचा. बायकोशीसुद्धा इतकं गोड बोलत नसेल!

एका वैशाखात गावची विहीर आटली. आठ दिवसांत पाणी लागलं नाही, तर गुरंढोरं घेऊन गाव सोडायचं, असं पंचांनी ठरवलं. भिकोबाने माळावर जागा दाखवली. माणसं रक्ताचं पाणी करून खणत राहिली. वीस हात खड्डा झाला, पण वर आला नुसता धुरळा.

सातव्या दिवशी चटया विणणारी सोनाक्का तिथे आली. तिने एक हिरवी काडी भिकोबापुढे धरली.

"देवराईच्या सावलीत हा लव्हाळा उभा आहे. सगळं रान करपलं, हा नाही."

"आक्का, गवत दाखवून मला पाणी शिकवतेस?"

"गवत नव्हे रे. बोटांत फिरवून बघ, तीन कडा लागतील. मुळाशी ओल असल्याशिवाय हा जगत नाही. चाळीस वर्षं कापतेय मी."

भिकोबाने काडी फिरवली. एक, दोन, तीन. हो म्हणावं तर जन्माची अब्रू जाते, नाही म्हणावं तर उद्या गाव उठतं. सगळे त्याच्याच तोंडाकडे बघत होते.

"माझं चुकलं," तो म्हणाला. "चला राईत."

मग काय, अख्खा गाव धावत सुटला! पण राईच्या तोंडाशी सगळे थबकले. देवाच्या राईत लोखंड न्यायचं नाही, हा जुना नेम. कुदळी बाहेर राहिल्या. आता खणायचं कशानं?

भिकोबाने आपला तो लाडका नारळ काढला आणि दगडावर आपटला. एक करवंटी सोनाक्काला दिली, दुसरी स्वतः घेतली. लव्हाळ्याची मुळं सांभाळून दोघं माती उपसू लागली. बाकीचे नुसत्या हातांनी भिडले. हातभर खाली माती गार लागली. आणखी वीतभर, आणि करवंटीत गढूळ पाणी झिरपलं! बायका हसता हसता रडू लागल्या.

पहिली भरलेली करवंटी लोकांनी भिकोबापुढे धरली. त्याने ती सोनाक्काच्या हातात दिली.

तात्पर्य: चारचौघांत "माझं चुकलं" म्हणायला मोठी छाती लागते, पण ते वेळेवर म्हणणाऱ्याची अब्रू जात नाही, आणि गावही वाचतं.