टिटवीचं गाठोडं

माळावरच्या पाखरांना आणि जनावरांना एकमेकांची भाषा कळायची, तेव्हाची गोष्ट. घूसमावशीच्या बिळात साऱ्या माळाचं धान्य जमायचं. ज्याचं उरायचं तो ठेवून जायचा, ज्याला कमी पडायचं तो घेऊन जायचा.

एका दुष्काळी साली टिटवी बिळाच्या तोंडाशी बसून ओरडू लागली, "ससा रिकाम्या हाताने आला! तित्तरही रिकामाच!" दोघांनीही लाजेने येणं सोडलं. तित्तराची पिल्लं उपाशी झोपू लागली.

मावशीने फर्मान काढलं, "उद्यापासून गाठोड्याशिवाय कुणी आत यायचं नाही."

"फुकट्यांची बरी जिरली," टिटवी म्हणाली.

दुसऱ्या दिवसापासून जो तो गाठोडं घेऊन आत जाई आणि गाठोडं घेऊनच बाहेर येई. कोण देतंय, कोण नेतंय, टिटवीला काही कळेना.

पुढे टिटवीच्याच घरातला दाणा संपला. तिने पळसाच्या पानात खडे बांधले आणि ऐटीत आत गेली.

मावशीने गाठोडं सोडलं आणि खडे कोपऱ्यात ओतले. तिथला खड्यांचा ढीग छताला टेकला होता. मग त्याच पानात ज्वारी भरत ती म्हणाली, "पुढच्या खेपेला पाचोळा आण गं. पहिल्यांदा सगळे खडेच आणतात, मग मान धरते."