मथुराबाईची वाटी

एक होता राजा. त्याच्याजवळ हत्ती होते, घोडे होते, बागबगीचे होते. नव्हता तो फक्त वेळ. जेवायला बसला की जेवण संपे, झोपला की उजाडे. मग राजा चिडे. राजेच ते, बरं का, कशावरूनही चिडतात.

त्याच राज्यात मथुरा नावाची एक मुलगी होती. तिचे वडील लग्नात घटका मोजायचे. म्हणजे काय करायचे? घंगाळात पाणी भरायचे आणि त्यावर तांब्याची वाटी सोडायचे. वाटीच्या बुडाला बारीक भोक. पाणी आत येतं, वाटी हळूहळू भरते आणि डुबुक! बुडाली की एक घटका झाली. सगळं वऱ्हाड नवरीकडे बघायचं, मथुरा मात्र वाटीकडे बघत बसायची. रघ्या, पांघरुणातून पाय काढू नकोस.

मग मथुरा मोठी झाली. ग्रह शिकली, गणित शिकली, तांबटाकडे बसून तांबं ठोकायला शिकली. पंडित हसले, "बाईमाणसाला कशाला ही उठाठेव?" तिनं हसू दिलं. आणि मग तिनं अशी एक वाटी घडवली, की तिच्या भोकातून केससुद्धा जाईना. ती ज्याच्या नावानं पाण्यावर सोडावी, त्याची घटका लांबायची. अख्ख्या पृथ्वीवर हे कुणाला जमलं नव्हतं. आपल्या मुलखातल्या बाईला जमलं! सगळे तिला मथुराबाई म्हणायला लागले. ते हसणारे पंडितसुद्धा.

राजाच्या कानावर गेलं. तो म्हणाला, "मथुराबाई, माझी पंगत लांबवा." मग नोकरांनी गावविहिरीचं पाणी आणलं, वाटी सोडली. राजा जेवला, जेवला, पुन्हा भूक लागेपर्यंत जेवत बसला. दुसऱ्या दिवशी सरू कुंभारीण आली. म्हणाली, "बाई, काल माझी दुपारच झाली नाही. मडकी भाजायला गेले, तर दिवस बुडालेला."

मग राजाला शिकार लांबवायची होती. पुन्हा विहिरीचं पाणी, पुन्हा वाटी. राजा रानात मनसोक्त हुंदडला. इकडे गावातली पोरं रडायला लागली. शाळा सुटली आणि लगेच अंधार पडला. खेळायचा वेळ गेला कुठं?

मथुराबाईनं कपाळावर हात मारला. अरे देवा! वेळ नवा होतच नव्हता, नुसता इकडचा तिकडे जात होता. ज्याचं पाणी, त्याचा वेळ. आणि विहीर तर सगळ्या गावाची. सगळं मोजलं होतं तिनं, पण पाणी कुणाचं, एवढंच विचारायचं राहिलं होतं.

ती तडक राजाकडे गेली. "महाराज, आता वाटी सुटणार नाही."

"डोकं उडवीन!" राजा ओरडला.

"उडवा. मग अशी वाटी घडवणारं दुसरं डोकं शोधून आणा."

राजा पाय आपटत आत निघून गेला. अशी होती बरं का आपली मथुराबाई!

मग एकदा काय झालं, राजाची लाडकी लेक बकुळा बागेत खेळत होती. तिला साप चावला. विष पावलातून वर चढायला लागलं. वैद्यबुवा राहायचे डोंगरापलीकडे. ते येईपर्यंत पोर काही वाचत नव्हती. राजा अनवाणी धावत आला. हात जोडले. "मथुराबाई, माझी लेक वाचवा हो!"

"वाचवते. पण आता पाणी ज्यानं त्यानं आपल्या ओंजळीनं आणायचं. जो ओतेल, त्याचाच वेळ जाईल."

राजा विहिरीकडे पळाला. पण जन्मात कधी पाणी भरलं होतं का त्यानं? त्याला बोटं जुळवताच येईनात! सगळं पाणी गळून गेलं, घंगाळात पडले चार थेंब. मग मथुराबाई उठली. तिनं आपली ओंजळ ओतली. पुन्हा ओतली. पुन्हा ओतली. ओंजळीगणिक तिचे केस पांढरे होत चालले. तरी वाटी तळाशीच घासत होती. बकुळेचे ओठ निळे पडले.

तेवढ्यात सरू कुंभारीण आली. राजाला बघून तिनं नाक मुरडलं. पण म्हणाली, "लेकराचा काय दोष?" आणि ओंजळ ओतली. मग तांबट आला. मग पंडित आले. मग गावातली सगळी पोरं आली, इवल्या इवल्या ओंजळी घेऊन. घंगाळ भरलं. वाटी तरंगली! विष होतं तिथं थबकलं, ते थबकलंच. वैद्यबुवा धापा टाकत आले, मुळी उगाळली, पाजली. डुबुक! वाटी बुडाली. आणि बकुळेनं डोळे उघडले. म्हणाली, "भूक लागली."

राजा ढसाढसा रडला. त्यानं भर चौकात सगळ्यांची माफी मागितली. त्या दिवशी सरूची मडकी कच्ची राहिली, पोरांचा डाव अर्धा राहिला. पण कुणी कुरकुरलं नाही.

आणि मथुराबाईचं काय? एका दुपारीत तिचं डोकं पांढरंशुभ्र झालं होतं. बायका म्हणाल्या, "बाई, डोक्यावरून पदर घ्या."

"का म्हणून?" ती म्हणाली. "ही माझी कमाई आहे." आणि उघड्या डोक्यानं, ताठ मानेनं ती गावातून चालत घरी गेली. लोक वाट सोडून उभे राहिले. राजासुद्धा.

मग बकुळा मोठी झाली, राजा पाणी भरायला शिकला, सगळे सुखानं नांदले. चला, वळा आता कुशीवर. निजा.